चुरडलेली बोंडं

पाणथळीतली ती झुबकेदार रोपं वर्षभरात मरतात, म्हणून टोपल्यांसाठी काड्या तोडल्या की फुलांची बोंडं तिथेच चिखलात चुरडायची, म्हणजे बी पडून नवी रोपं उगवतात. जो विसरेल त्याला एर्सिलियामावशी जन्मभर शिव्या घालत आली. काड्यांच्या टोपल्या विणून तिची बोटं वाकडी झाली, जिभेची धार मात्र गेली नाही.

ती गेली तेव्हा मी बोंडांसकट काड्यांची एक जुडी तिच्या शवपेटीवर ठेवली. तिची बहीण झोव्हेंतिना कडाडली, "मेल्या, बी घेऊन कोरड्या माळावरच्या स्मशानात निघालास? उठून बसेल ती!"

आम्ही वाट सोडून पेटी पाणथळीच्या काठाला टेकवली. पाद्रीबाबा घड्याळ बघत राहिले. मी बोंडं चिखलात चुरडली आणि सवयीनं मान खाली घालून मावशीच्या शिवीची वाट बघत उभा राहिलो.