पोच नसलेले तीन अर्ज

वकिलांच्या टेबलावर मी माझी वही ठेवली, तेव्हा मला थोडा अभिमानच वाटत होता. मुलीचा बी.एस्सी.चा रसायनशास्त्राचा पेपर पुनर्मूल्यांकनाला दिला तो दिवस, विद्यापीठात मारलेल्या चकरा, कोण काय म्हणालं, सगळं तारीखवार लिहिलेलं होतं. एम.एस्सी.चे प्रवेश सोमवारी बंद होणार होते आणि आज शुक्रवार होता.

वकिलांनी दोन पानं उलटली. "फॉर्मची पावती दिसतेय. पण उशिरामुळे प्रवेश जातोय, हे तुम्ही लेखी कळवलंत?"

"तीनदा."

"पोच?"

माझ्याकडे पोच नव्हती.

विद्यापीठाच्या पुनर्मूल्यांकन विभागात अर्ज घेतात, त्या टेबलावर माझी मैत्रीण बसते. शाळेपासूनची, माझी मुलगी तिला मावशी म्हणते. पहिल्या अर्जाच्या वेळी मी दुसरी प्रत पुढे केली, तर ती हसली. "मले शिक्का मागतेस? मी इथं कशाले बसली आहो वं?" शेजारच्या टेबलावरचेही हसले. मी ओशाळून प्रत पर्समध्ये घातली. माहितीच्या अधिकारात अर्ज टाकायचं माझ्या वहीतल्या यादीत होतं, तेही तिच्या सांगण्यावरून खोडलं. "साहेब चिडते. मी करून राहिली ना."

वकील म्हणाले, "शिक्क्याच्या प्रती असत्या, तर पंधरा दिवसांपूर्वीच उच्च न्यायालयात जाता आलं असतं. मुदतीत निकाल लावा, नाहीतर तोवर तात्पुरता प्रवेश द्या, एवढं मागता आलं असतं. विद्यापीठाकडे मागणी केल्याचा कागदच नाही, तर कोर्ट विचारेल, तुम्ही गप्प का बसलात?"

मी गप्प बसले नव्हते. पण माझं सगळं बोलणं माझ्याच वहीत होतं.

सोमवार गेला. निकाल त्यानंतर नऊ दिवसांनी आला. एकतीस गुणांचे शेहेचाळीस झाले होते.

मी मैत्रिणीच्या टेबलाशी गेले आणि माझे तीन अर्ज मागितले. तिने ड्रॉवर उघडला. तिन्ही तिथेच होते, मी लावलेल्या टाचण्यांसकट.

"पुढे पाठवलेच नाहीस?"

"पाठवले असते तर उशीर काहून झाला म्हणून साहेबानं मलेच धरलं असतं. सहा महिन्यांत माहं प्रमोशन आहे. मले वाटलं, निकाल येऊन जाईन." मग हळूच म्हणाली, "पोरीले सांगू नको वं."

मी चौथा अर्ज तिच्यासमोर ठेवला. निकालाला उशीर विद्यापीठाकडून झाला, असं लेखी द्यावं, एवढीच मागणी होती. एम.एस्सी.ची एक जागा रिकामी राहिली होती आणि विद्यापीठाचं तसं पत्र आणलं तर विचार करू, असं कॉलेजने सांगितलं होतं. अर्जाखाली मी दुसरी प्रत ठेवली.

"शिक्का मार," मी म्हटलं.

तिने माझ्याकडे पाहिलं. या वेळी शेजारी कोणी हसलं नाही. तिने शिक्क्यातली तारीख आजची केली, शिक्का मारला, सही केली. सही अस्पष्ट होती. मी ती पुन्हा करायला लावली.

बाहेर मुलगी स्कूटर चालू करूनच उभी होती. "मावशी काय म्हणाली?"

"अर्ज घेतला," मी म्हटलं, आणि पोच तिच्या हातात दिली. "याच्या दोन झेरॉक्स काढ. एक घेऊन आत्ताच कॉलेजात जायचंय, पत्र येईपर्यंत जागा ठेवा म्हणून सांगायला."