फुलपात्रभर पाणी आणि केळ्याचा केक

सुमन, फोन जरा कानाजवळ धर गं, किती ती घाई! केळी काळी पडली म्हणून टाकून दिलीस म्हणे? वेडी कुठली. माझ्यापुढंही तशीच केळी हायेत, आणि त्यांच्या वासानं मला थेट रेणापूरच्या घरात नेलं बघ.

आपला लातूर जिल्हा नुकताच वेगळा झाला होता. पाट्या नव्या, विहिरी मात्र कोरड्या. तू पोटात होतीस आणि मला सारखं गोड खावंसं वाटायचं. माझा भाऊ नांदेडहून केळी घेऊन आला. मी ती कुस्करली, त्यात गूळ, तूप, रवा घातला. पण रवा भिजवायला घरात पाणीच न्हाई. होतं ते आत्याबाईंच्या, म्हणजे तुझ्या आजीच्या पूजेचं, एक फुलपात्र. पूजेबिगर त्या घास घेत नसत.

त्यांनी तेच पाणी माझ्या पातेल्यात ओतलं.

"अहो आत्याबाई, तुमची पूजा?"

"महादेव थांबल गं. पोटातलं लेकरू कशाला थांबल?"

मग पातेलं झाकून खाली-वर निखारे ठेवले. गुळाचा खरपूस वास घरभर सुटला. मी तो केक बोटं चाटत खाल्ला. आत्याबाई टँकर येईस्तोवर उपाशीच, मला पदरानं वारा घालत बसल्या. तेव्हा वाटलं, म्हाताऱ्या माणसाला भूकच कमी. आता त्यांच्या वयाला आल्यावर कळतंय, उपाशी पोटी त्यांना तो वास कसा लागला असंल.

ही केळी तुझ्यासाठी ठेवलीत. लई दिवस टिकायची न्हाईत, लवकर ये.