रेडोबांना जागा नाही

बहिणीचं लग्न कोरेगावात, मुलाकडच्या दारात झालं. पहिल्या पंगतीला वडील बसले होते, खांद्यावर घोंगडं. तिचे सासरे बोटावर मोटारसायकलची किल्ली फिरवत आले आणि वडिलांना म्हणाले, "आवं, तुमी मागनं बसा. घोंगड्याचा लय वास येतोय." वडील वाढलेल्या ताटावरून उठले. त्या घरालाही मेंढरं सोडून फार वर्षं झाली नव्हती. मी बुंदीची बादली घेऊन तिथेच उभा होतो. पुढच्या ताटात बुंदी वाढली.

वडील गेले, तरी ते ताट माझ्या डोळ्यांपुढून गेलं नाही. सांगलीत स्थिरावल्यावर मी लहान मुलांसाठी गाणी लिहू लागलो, आणि एक गाणं त्या ताटावर लिहिलं.

रेडोबा बसले पाटावर,
शेपूट टाकलं ताटावर.
मेंढी म्हणाली, "मी कुठं बसू?"
रेडोबांना आलं हसू.

शेवटच्या पानावर सगळी जनावरं जेवतात आणि रेडोबा दाराबाहेर उभे राहतात. चित्रं माधवनगरच्या एका चित्रकलेच्या मास्तरांनी काढली. त्यांना मी लग्नातला फोटो दाखवला. कानाजवळचा मस, सोनेरी चष्मा, सगळं त्यांनी रेड्याला दिलं. किल्ली शिंगावर फिरत ठेवली. "हा मानूस कोन हाय रं?" त्यांनी विचारलं. कुणी नाही, असं मी सांगितलं.

पुस्तक मीच कोरेगावला पाठवलं. वर लिहिलं, बहिणीच्या नातीसाठी. पाठवलं होतं मी तिच्या सासऱ्यांसाठी.

थोड्याच दिवसांत मेव्हण्यांचा फोन आला. "पाव्हणं, गल्लीतली पोरं आबांच्या मागं रेडोबा रेडोबा करत्यात. त्यांनी भाईर जायाचं सोडलंय. नवीन छपाईत तेवढं चित्र बदला."

फोन ठेवल्यावर मला आनंद झाला. मग बहीण आठवली. मी सांगलीत बसून सूड घेतला होता आणि ती त्या घरात राहत होती. तिला रोज काय ऐकावं लागत असेल, या विचाराने झोप लागेना. कोरेगावच्या एसटीत बसलो. वाटेत चार ओळी लिहिल्या: मेंढी सरकून बसते, रेडोबांना आत बोलावते. कागद खिशात ठेवला.

घराच्या पुढच्या सोप्यात सासरे खुर्चीत होते. पाय सुजलेले. बहीण नातीला मांडीवर घेऊन वाचत होती, शेजारघरी ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं. "मी कुठं बसू?" या ओळीला ती थांबली, सासऱ्यांकडे पाहिलं आणि ओळ पुन्हा वाचली.

चहा टाकायला ती आत गेली, तसा मी मागोमाग गेलो.

"तुला त्रास होत असेल. चित्र बदलतो मी."

"कशाला?" ती पातेल्यात साखर टाकत म्हणाली. "इतकी वर्सं या घरात सासऱ्याला उलटा सबूद दिला न्हाई मी. आताबी देत न्हाई. पोरीला पुस्तक वाचून दावती."

"म्हातारे झालेत गं ते."

"आपला बाप काय तरणा हुता व्हय, उठवला तवा? बदलशील तर बघ, दादा."

आम्ही चहा घेऊन बाहेर आलो. सासऱ्यांनी माझ्याकडे न बघता विचारलं, "पाव्हणं, त्या रेड्याला शेवटाला कुनी आत घेत्यात का न्हाई?" त्यांचं बोट खुर्चीच्या हातावर हळूहळू फिरत होतं. किल्ली नव्हती.

"न्हाई आबा, त्यो भाईरच," नात म्हणाली.

ते माझ्या उत्तराची वाट बघत राहिले. कागद खिशात होता. हात तिकडे गेलाही होता.

"नाही," मी म्हणालो. "कुणी घेत नाही."

त्यांनी मान हलवली. बहिणीने पुस्तक पुन्हा पहिल्या पानावर उघडलं आणि वाचू लागली. मी तिथेच बसून चहा प्यायलो. लिहायला लाज वाटते, पण तो मला गोड लागला.