सोनं द्यायला आधी कोण उठणार

देवीदास निमकंडेला आयुष्यात एकच गोष्ट हवी होती, आणि ती काही फार मोठी नव्हती. कुणीतरी आपल्याला साहेब म्हणावं, बस. पातूरला त्याचं घर माळ्याचं. झेंडू, शेवंती आणि थोडा भाजीपाला करणारं. बाजारात त्याच्या भावाला लोक 'फुलवाले' म्हणायचे आणि याला 'बँकवाले'. आता बँकवाले म्हणजे काय? बँकेसमोर चहाची गाडी लावणाराही बँकवालाच की. हे देवीदासला सलायचं. निवृत्तीला तीन वर्षं उरली होती आणि अजून साहेब काही पदरात पडला नव्हता.

बँक वऱ्हाडातलीच, सहकारी. मुख्य कार्यालय अमरावतीला, देवीदासची शाखा अकोल्याला. नाव सांगून उगाच कुणाचा रोष ओढवून घेण्यात अर्थ नाही. त्या बँकेत पहिल्यापासून दोन पंगती होत्या. लिपिक म्हणजे कलमवाले, आणि रोखपाल म्हणजे नोटवाले. पगारात फरक चिमूटभर, पण तोरा पाहाल तर बाप्पा! लिपिकाला पुढे अधिकारी होता यायचं. रोखपाल मात्र नोटा मोजत लागायचा आणि नोटा मोजतच निवृत्त व्हायचा. त्यामुळे एखादा कालपरवाचा कलमवालाही वीस वर्षं काम केलेल्या नोटवाल्याला "जरा पाहून मोजा" म्हणायला कचरत नसे.

देवीदास मात्र तसा नव्हता, निदान एका माणसाच्या बाबतीत. अकोल्याच्या कॅश काउंटरवर कौशल्याताई गावंडे बसायच्या. मूर्तिजापूरच्या, शेतकऱ्याघरच्या, रोज गाडीने ये-जा करणाऱ्या. देवीदासपेक्षा वयाने दोन वर्षांनी मोठ्या आणि नोकरीतही थोड्या आधीच्या. नोटा मोजून मोजून त्यांच्या अंगठ्याची कातडी इतकी गुळगुळीत झाली होती की हजेरीचं मशीन त्यांचा अंगठाच ओळखत नसे. मशीन रोज सकाळी नाही म्हणून ओरडायचं, शाखेत हशा पिकायचा, आणि ताईही हसत हसत जाऊन कागदी मस्टरवर सही करायच्या.

दसऱ्याला बँक बंद, म्हणून सोनं लुटायचं ते दुसऱ्या दिवशी, शाखेत. त्याची रीत ठरलेली. धाकट्याने उठायचं, थोरल्याच्या टेबलापाशी जायचं, आपट्याची पानं हातात देऊन वाकायचं. धाकटा-थोरला अर्थातच नोकरीच्या हिशेबाने. कलमवाला काही नोटवाल्याच्या टेबलाशी जात नसे. देवीदास तेवढा दरवर्षी पहिल्यांदा उठून सरळ कॅश काउंटरच्या जाळीपाशी जायचा. पातूरहून आणलेली झेंडूची पिशवी आत सरकवायचा, सोनं द्यायचा, वाकायचा. इतर कलमवाले खाकरायचे, टोमणे मारायचे. "मोठी बहीण आहे लेको," एवढंच तो म्हणायचा. त्याला कारणही तसंच होतं.

दहा-बारा वर्षांपूर्वी त्याच्या बायकोचं, रागिणीचं, कमरेचं ऑपरेशन बिघडलं. बिचारी वर्षाच्या वर पातूरच्या घरी अंथरुणाला खिळून होती. तिला उठवणं, कूस बदलून देणं, हे सगळं देवीदासलाच करावं लागायचं. म्हातारी आई कुठवर पुरी पडणार? मग तो रोज चार वाजता हळूच बँकेतून निघून पातूरची एसटी धरायचा. परवानगी मागायची सोय नव्हती, तेव्हाचा शाखाधिकारी महाखवट. देवीदासच्या टेबलावर दिवसभराच्या व्यवहारांचा ताळा अर्धाच राहायचा. तो ताळा कौशल्याताई जुळवायच्या. आपली कॅश बंद करायची, मग देवीदासचे व्हाउचर घेऊन बसायचं, पै न् पै मिळवायची. त्यात त्यांची नेहमीची गाडी चुकायची आणि रात्रीच्या गाडीने त्या मूर्तिजापूरला पोचायच्या. "तुमी जा भाऊ, मी पाहतो इथलं," असं म्हणून त्यांनी त्याला घालवून दिलं ते रागिणी आपल्या पायांनी चालायला लागेपर्यंत. शाखेत ही गोष्ट दोघांशिवाय कुणाला माहीत नव्हती. घरी रागिणीला होती.

मागल्या वर्षी बँकेने दोन्ही श्रेणी एकत्र केल्या. कलमवाले नाहीत, नोटवाले नाहीत, सगळे 'सहायक'. आणि ज्येष्ठता ज्याच्या त्याच्या नोकरीला लागल्याच्या तारखेपासून. झालं! कालपर्यंत एका डब्यात जेवणारी माणसं एकमेकांच्या तारखा विचारायला लागली. त्यातच अकोल्याच्या शाखेत अधिकाऱ्याची एक जागा रिकामी झाली. ज्येष्ठतेने ती भरायची होती, आणि अकोल्यात सगळ्यांत ज्येष्ठ ठरल्या कौशल्याताई. त्यांच्याखाली लगेच देवीदास.

त्याने तोपर्यंत पातुरात सांगून ठेवलं होतं की यंदा अधिकारी होतो म्हणून. आई तानुबाईने तर गल्लीत साखरही वाटून टाकली होती. आता काय तोंड दाखवायचं? नेमका तेव्हाच कुलदीप ढोरे त्याच्याकडे आला. कुलदीप शाखेतला तरणाबांड लिपिक, जिभेवर वकील बसलेला. सगळ्या कलमवाल्यांनी मिळून हरकत घ्यायची आणि अमरावतीच्या सुनावणीत ती देवीदासने मांडायची, असं त्याने ठरवूनच आणलं होतं. मागणी साधी होती. ज्या रोखपालाने लिपिकाचं काम कधी केलंच नाही, त्याला लिपिकांच्या खाली टाका. देवीदास एक दिवस का-कू करत राहिला. नंतर त्याने स्वतःलाच समजावलं की आपण काही ताईंच्या विरुद्ध बोलत नाही, आपण तत्त्वाचं बोलतो. माणसाला वाईट काम करायचं असलं की तत्त्व कसं हाताशी सापडतं पाहा.

सुनावणीला एका बाकावर कलमवाले, समोरच्या बाकावर नोटवाले. कौशल्याताई टोकाला बसल्या होत्या. देवीदास उभा राहिला तेव्हा त्याचा आवाज कापत होता, पण मागून कुलदीपने "वा" म्हटलं आणि त्याला चेव आला. सुनावणी घेणाऱ्या समितीच्या साहेबांनी विचारलं की दोन्ही कामांत असा काय मोठा फरक आहे? घरून घोकून आणलेलं सगळं उत्तर तो विसरला आणि भलतंच बोलून बसला.

"साहेब, नोटा मोजायला डोकं लागत नाही. बोटं लागतात."

कलमवाल्यांचा बाक खदखदून हसला. साहेबांनाही हसू आलं. कौशल्याताईंनी उजवा अंगठा मुठीत घेतला आणि हात पदराखाली नेला. देवीदासने ते पाहिलं. त्याच क्षणी जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं, असं त्याला वाटलं. पण जमीन अमरावतीची, फरशीची, ती कसली दुभंगते. तो खाली बसला आणि लोकांनी त्याची पाठ थोपटली.

मग साहेबांनी एकेका रोखपालाला उभं करून एकच प्रश्न विचारला, लिपिकाचं काम कधी केलंय का? ताईंची पाळी आली. नुसतं हो म्हटलं असतं तरी जागा त्यांची होती. कुणाचा ताळा, केव्हा, किती दिवस, सगळं सांगण्यासारखं होतं. ताईंनी एकदा देवीदासकडे पाहिलं.

"नाही साहेब," त्या म्हणाल्या. "मी नोटाच मोजल्या."

परतीच्या गाडीत कुलदीप आणि मंडळी पुढच्या डब्यात समोसे खात दंगा करत होती. देवीदास उठून मागे गेला. ताई खिडकीशी एकट्या बसल्या होत्या. तो समोर बसला. बडनेरा मागे पडलं. मग तो कसाबसा म्हणाला, "ताई, काहून नाही सांगतलं?"

"सांगतलं असतं तर तुमी चार वाजता कुठी जात होते, तेबी सांगा लागलं असतं," ताई म्हणाल्या. "मंग तुमची चौकशी. रागिणीच्या दुखण्याची कचेरीभर चर्चा. कायले?"

एवढं बोलून त्या बाहेर पाहत राहिल्या. मूर्तिजापूर आलं तशी पिशवी घेऊन उतरल्या. एरवी 'येतो भाऊ' म्हटल्याशिवाय त्यांचं पाऊल फलाटावर पडत नसे. आज पडलं.

निकालाला तीन-चार आठवडे लागले. तेवढ्या दिवसांत देवीदासला समितीकडे जाऊन खरं सांगता आलं असतं. तो रोज सकाळी ठरवायचा आणि रोज संध्याकाळी उद्यावर टाकायचा. घरी आई विचारायची, ऑर्डर आली काय? मग त्याला वाटायचं, आता तीन वर्षंच तर राहिली, ताईंना काय, त्यांना अधिकारीपणाची हौस कुठे आहे? ताईंना हौस आहे की नाही हे त्याने कधी विचारलं नव्हतं. त्याची त्याला लाज वाटायची, आणि लाज वाटते आहे म्हणजे आपण अगदीच वाईट नाही, असं म्हणून तो झोपी जायचा. दसऱ्याच्या आदल्या दिवशी ऑर्डर आली. देवीदास निमकंडे, अधिकारी, अकोला शाखा.

नोटवाल्यांनी कोर्टात जायचं ठरवलं. कुलदीपने लगेच मोबाइलवर सगळ्या कलमवाल्यांना कळवलं की यंदा कुणीही नोटवाल्यांपुढे सोनं घेऊन जायचं नाही. उद्या कोर्टात तेच दाखवतील, पाहा, यांनीच आम्हाला थोरलं मानलं. नोटवाल्यांनीही तेच ठरवलं असणार. कारण दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी शाखेत जो तो आपल्या टेबलावर आपट्याची पानं मांडून ढिम्म बसला होता. कोणी उठेना. शिकलीसवरली माणसं, सोन्याचा ढीग पुढ्यात घेऊन एकमेकांकडे डोळे वटारून बसलेली. खातेदार येऊन विचारायला लागले की आज संप आहे काय?

देवीदास नव्या खुर्चीत बसला होता. पायाशी पिशवी होती. रागिणीने पहाटे उठून ताईंसाठी शेवंतीची वेणी स्वतः ओवून दिली होती. दरवर्षीसारखं उठावं, जाळीपाशी जावं, वाकावं. त्याच्या गुडघ्यांत ते येऊन गेलं. पण समोर कुलदीप होता, अख्खी शाखा पाहत होती, आणि खुर्ची नवी होती. तो बसूनच राहिला.

तेवढ्यात कॅश काउंटरचं दार वाजलं. कौशल्याताई बाहेर आल्या. सगळी शाखा ओलांडून त्या त्याच्या टेबलापाशी येऊन उभ्या राहिल्या. गुळगुळीत झालेल्या त्या अंगठ्याखाली आपट्याची दोन पानं धरलेली होती.

"घ्या साहेब, सोनं," त्या म्हणाल्या. आवाजात ना राग, ना टोमणा. "आता मलेच या लागन न." आणि त्या वाकल्या.

देवीदासने ताडकन उठायला हवं होतं. त्यांना वाकूच द्यायला नको होतं. ते त्याला कळत होतं, पण पाय जागचे हलले नाहीत. तोंडातून बाहेर पडलं ते असं, "असू द्या, असू द्या. ठेवा टेबलावर."

त्यांनी पानं टेबलावर ठेवली आणि त्या परत जाळीमागे जाऊन नोटा मोजायला लागल्या. मग एकेक नोटवाला उठला. कलमवाल्यांनी जिंकल्यासारखं सोनं घेतलं. देवीदासने दिवसभर मान वर केली नाही.

संध्याकाळी शेवंतीची वेणी घरी नेणार कशी? बसस्टँडवर देवीचा एक फोटो होता, त्याला ती घालून तो पातूरच्या गाडीत बसला. रागिणी दारातच वाट पाहत होती. ताईंनी वेणी माळली का, हे तिने पहिलं विचारलं. तो हो म्हणाला. मग तिने त्याच्या हातात पाण्याचा तांब्या दिला आणि लाजत-हसत दुसरं विचारलं.

"आज कोनी म्हनलं काय तुमाले साहेब? पहिल्यांदा कोन म्हनलं?"

"कौशल्याताई," तो म्हणाला.

रागिणीचा चेहरा उजळला. तिने आत वळून सासूला हाक मारली, "आत्याबाई, आयकलं काय? कौशल्याताईनं म्हनलं साहेब!" आणि मग त्याच्याकडे वळून म्हणाली, "मंग खरं. त्या काई उगाच कोनाले म्हनत नाई."

देवीदासने तांब्या तोंडाला लावला आणि पाणी संपलं तरी तो खाली घेतला नाही.