दुसरा सामना सात डावांचा

"माझ्या कंट्रोलरवर स्किपचं बटण नाहीच, असं समज," असं म्हणून काका चष्मा कपाळावर सरकवायचे आणि पहिल्या डावापासून खेळायला बसायचे. आमच्या ऑफिसातले बाकी सगळे त्या बटणावरच जगत होते.

सिंगापुरातल्या क्वीन्सटाउनमध्ये व्हिडिओ गेम बनवणारी एक छोटी कंपनी होती. कॉलेजच्या तिसऱ्या वर्षी मी तिथे सहा महिने इंटर्न होते, टेस्टिंग विभागात. विभाग म्हणजे आम्ही दोघं. ते चोपन्न वर्षांचे, मी एकवीसची. सिंगापुरात वयाने मोठ्या माणसाला सरसकट अंकल म्हणतात, त्यामुळे ऑफिसातही ते अंकल. त्यांना ते मुळीच आवडायचं नाही. "मी इथे कुणाचा काका म्हणून नोकरीला लागलेलो नाही," असं त्यांनी मला सांगितलं, आणि त्याच दमात, "तू मात्र काका म्हण. सर म्हटलंस की मला उगाच वर्गात उभं केल्यासारखं वाटतं."

ते मराठी आहेत हे मला दुसऱ्या दिवशी कळलं. पडद्यावरचा एक खेळाडू धावायचा सोडून बेसवर रेंगाळला, तेव्हा शेजारून आवाज आला, "अरे गाढवा, पळ की! जेवायला बसलायस का तिथे?"

मला हसू फुटलं. ते जराही ओशाळले नाहीत.

"कुठली तू?"

"इचलकरंजी."

"मी पुण्याचा. म्हणजे माझा राग यायला तुला आता एक कारण मिळालं."

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. वडील यंत्रमागावर काम करायचे. ऑफिसात कुणी काही विचारलं की वाटायचं, माझं उत्तर चुकलं तर ते थेट इचलकरंजीपर्यंत ऐकू जाईल. म्हणून मी सगळ्याला हो म्हणायचे. काकांचं बरोबर उलटं. त्यांचं पहिलं उत्तर नेहमी "थांबा, बघू द्या" असायचं.

गेम बेसबॉलचा होता. मला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. काकांनीही आयुष्यात बेसबॉलची बॅट हातात धरलेली नव्हती, पण नियमपुस्तक असं वाचलं होतं की पानांचे कोपरे गोल झाले होते. त्यांनी मला समजावलं ते क्रिकेटच्या भाषेत. सामना नऊ डावांचा. प्रत्येक डावात दोन्ही संघ एकेकदा फलंदाजी करतात. बरोबरी झाली तर दहावा डाव, अकरावा, असं निकाल लागेपर्यंत चालू. कधी पावसाने सामना बुडाला की दुसऱ्या दिवशी तेच दोन संघ लागोपाठ दोन सामने खेळतात. त्याला डबलहेडर म्हणतात. सगळ्यात मोठ्या लीगमध्ये तेव्हाही दोन्ही सामने नऊ-नऊ डावांचेच, पण खालच्या लीगमध्ये सात-सात डावांचे, आणि आमचा गेम त्या खालच्या लीगचा.

"सातच का?" मी विचारलं.

"कारण माणसं दमतात," काका म्हणाले. "नियम लिहिणाऱ्याला दमलेला माणूस दिसला होता. फार कमी नियमांच्या नशिबी असं असतं."

आमच्या गेममध्ये डावांची संख्या खेळणाऱ्याने निवडायची होती: तीन, पाच, सात, नऊ, किंवा 'लीगच्या नियमाप्रमाणे'. त्यावर काकांचं म्हणणं साधं होतं. "खेळणाऱ्याने तीन म्हटलं तर तीन. त्याची मर्जी, त्याची बस यायची असेल. पण लीगच्या नियमाप्रमाणे हे शब्द आपण लिहिलेत. मग सात म्हणजे सात."

एका रविवारी त्यांनी मला खरा डबलहेडर बघायला नेलं. हौशी संघांचे सामने होते, प्रेक्षक आम्ही दहा-बारा. पहिला सामना संपल्यावर ज्याने चेंडू फेकले होते तो मुलगा खांद्यावर बर्फाची पिशवी बांधून गवतावर आडवा पडला. काका त्याच्याकडे बराच वेळ बघत होते. मग म्हणाले, "हे आपल्या गेममध्ये दिसत नाही, म्हणून आपण हे खरं नाही असं धरून चालतो."

आता माझी चूक सांगते. डबलहेडरच्या दुसऱ्या सामन्याच्या चाळीस चाचण्या माझ्याकडे होत्या. प्रत्येकीआधी पहिला सामना पूर्ण खेळायचा होता. टेस्टरसाठी एक आडवाट असते. एक आज्ञा टाइप केली की पहिला सामना झाला असं धरून गेम तुम्हाला थेट दुसऱ्यात नेऊन सोडतो. मी चाळीसच्या चाळीस तशाच केल्या आणि समोर 'पास' लिहिलं.

"पहिला सामना खेळलीस?" काकांनी विचारलं.

मी हो म्हटलं. सवयच होती.

त्यांनी त्यातली एक चाचणी स्वतः खेळायला घेतली. पहिला सामना सात डावांनंतर बरोबरीत अडकला आणि नवव्या डावात संपला. दुसरा सुरू झाला. सातवा डाव संपला, काका दोन धावांनी पुढे होते, सामना तिथेच संपायला हवा होता. पण पडद्यावर आठवा डाव उगवला. मग नववा. पहिला सामना जितका लांबला, तितकाच गेम दुसराही लांबवत होता. आडवाटेने आलं की हे कधीच दिसलं नसतं.

ते माझ्याकडे वळले नाहीत. नुसते म्हणाले, "बघ, दमलेल्यांना अजून पळवतोय."

गेम शुक्रवारी द्यायचा होता आणि टेस्टरच्या सहीशिवाय देता येत नव्हता. जेसलिन, आमची प्रोड्युसर, काही वाईट बाई नव्हती. दोन महिने तीही धड जेवली नव्हती.

"अंकल, डबलहेडर खेळतंय कोण लाह? हजारात एक." सिंगापुरात वाक्याच्या शेवटी हा 'लाह' लागतोच.

"त्या एकाला आपण लेखी सांगितलंय," काका म्हणाले.

"पुढच्या अपडेटमध्ये दुरुस्त करू. आज सही करा."

"आज दुरुस्त नाही, म्हणून आज सही नाही."

जेसलिनने आवाज खाली आणला. काकांचं कंत्राट त्याच महिन्यात संपत होतं, नवीन कागद तिच्याच टेबलावर होते. ते पुढे गेले नाहीत तर एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे तिथे राहून काम करायचा परवाना, संपणार आणि अख्ख्या कुटुंबाला परत जावं लागणार, हे आम्हा तिघांनाही माहीत होतं. ती धमकी देत नव्हती. आठवण करून देत होती. काकांनी मान हलवली, जणू कुणी बसचा नंबर सांगितला, आणि जागेवर जाऊन बसले.

शनिवारी काकूंनी मला तोआ पायोहला त्यांच्या घरी जेवायला बोलावलं. शुक्रवार सहीविनाच गेला होता, जेसलिनने सोमवारपर्यंत मुदत मागून घेतली होती. पिठलं-भात वाढता वाढता काकू म्हणाल्या, "तू सांग गं यांना. तुझं ऐकतील."

त्यांची मुलगी त्या वर्षी शाळेच्या मोठ्या परीक्षेला बसायची होती. ती ताटातून मान वर न करता म्हणाली, "बाबा, जस्ट साइन लाह."

"तुझ्या गणिताच्या पेपरवर मी सही करून मार्क वाढवले तर चालेल?"

"कॅन!" ती म्हणाली, म्हणजे तिकडच्या बोलीत 'चालेल की', आणि सगळ्यांना हसू आलं. मग कुणीच हसेना.

मी निघाले तेव्हा काकू लिफ्टपर्यंत आल्या. म्हणाल्या, "केली ना सही, तर हे घरी येतील, जेवतील, सगळं नीट करतील. आणि मला रोज तो न केलेल्या कामाचा चेहरा बघावा लागेल. त्यापेक्षा पुणं बरं."

सोमवारी जेसलिनने मला केबिनमध्ये बोलावलं. म्हणाली, तुझ्या चाळीस चाचण्या पास आहेत, तीही टेस्टरचीच नोंद, तेव्हा तू सही केलीस तरी चालेल. माझा इंटर्नशिपचा शेरा तीच लिहिणार होती. पेन समोर होतं. मला इचलकरंजी आठवली, वडिलांनी गल्लीभर वाटलेले पेढे आठवले. माझा आवाज इतका बारीक निघाला की तिने पुन्हा विचारलं.

"मी पहिला सामना खेळले नव्हते," मी म्हटलं. "एकदाही नाही. त्या चाळीस नोंदी खोट्या आहेत. मी आता त्या खोडणार आहे."

जेसलिनने पेन उचललं आणि टेस्टरच्या जागी स्वतःच सही केली.

मी बाहेर येऊन काकांना सांगितलं. शाबासकी मिळेल असं वाटलं होतं. ते म्हणाले, "चाळीस पुन्हा करायच्या म्हणजे वेळ लागेल. चल, बस इथे."

कंत्राट वाढलं नाही. शेवटच्या दिवशी केक आणला होता, पण काका त्या आठव्या डावाच्या दोषाची नोंद लिहीत बसले होते. काय करायचं, कुठलं बटण, कुठल्या डावात काय दिसतं, एकेक पायरी. जेसलिन म्हणाली, "अंकल, तेवढी ती नोंद बंद करून जा ना." ते म्हणाले, "दुरुस्त करा, बंद करतो." मग त्यांनी केक खाल्ला, दोन तुकडे, आणि लिफ्टकडे गेले.

तुम्ही अशा कंपनीत काम केलं असेल तर पुढचं तुम्हाला कळेल. आमच्याकडे दोषाची नोंद ज्याने उघडली, त्यालाच ती बंद करता यायची. काकांचं खातं तर त्याच संध्याकाळी गोठवलं गेलं. आणि उघड्या दोषांची यादी रोज सकाळी नऊ वाजता सगळ्यांना ईमेलने जायची, सगळ्यात जुना सगळ्यात वर. गेम बाजारात गेल्यावर बाकीच्या नोंदी एकेक करून गळाल्या. ही राहिली.

माझ्या शेवटच्या आठवड्यात वेई नावाचा प्रोग्रामर वैतागून माझ्या टेबलापाशी आला. "रोज सकाळी अंकलचं नाव! ही बंद कशी करायची?"

"आधी दुरुस्त तर कर," मी म्हटलं. यावेळी आवाज बारीक निघाला नाही.

तो काकांच्या रिकाम्या खुर्चीत बसला आणि त्यांनी लिहिलेली पहिली पायरी वाचू लागला.