प्रायोजक गेला, बीडचा जॅझ महोत्सव होणारच

मंडळी, आज सकाळी आपल्या आंतरराष्ट्रीय जॅझ महोत्सवाच्या प्रायोजकाला 'नाही' म्हणून आलेय.

नव्या लोकांसाठी सांगते. लग्नाच्या बँडमध्ये सॅक्सोफोन वाजवणारे युसूफभाई आणि कीबोर्ड वाजवणारी मी, आम्ही दोघांनी हा महोत्सव बीडमध्ये सुरू केला. पहिल्या वर्षी आम्हीच वाजवलं आणि आमच्याच घरच्यांनी ऐकलं. पुढं एका ट्रॅक्टर शोरूमच्या मालकांना हे संगीत आवडलं. मांडव, जेवण, हॉटेल सगळं दरवर्षी त्यांनी सांभाळलं, म्हणून पोलंड-जपानचे कलाकार इथं यायला लागले.

आता शोरूम त्यांच्या मुलाकडं आहे. आज आम्ही दोघं त्याला भेटायला गेलो, तर तो म्हणाला, "ताई, जॅझ कुणाला कळतंय इथं? यंदा अर्धा वेळ डीजे लावू."

मी काही बोलायच्या आत युसूफभाई म्हणाले, "डीजेच लावायचा तर आमी कशाला पायजे? मांडवावरचा तुमचा बोर्ड तुमी ठेवा. कार्यक्रम होणार हाय."

मीही मान डोलावली. बाहेर आल्यावर मात्र मी त्यांना विचारलं, "परदेशी पाहुणे ठेवायचे कुठं?" युसूफभाईंनी तिथूनच घरी फोन लावला. भाभी म्हणाल्या, "चार जणां अपने घर रहते. तिखट चलता क्या, इत्ता पूछ लो."

दुपारी नेकनूरच्या एका जुन्या श्रोत्यानं मांडवाची जबाबदारी घेतली. आता मला कसलीच काळजी नाही.

फक्त जपानचा ड्रमवाला राहिलाय. माणूस लई गोड आहे, पण पहाटे उठून सराव करतो, हे आधीच सांगते. कोण नेतंय त्याला घरी?