दुखवट्याचं लुगडं

सानगडीहून निघाले तेव्हा एसटीपर्यंत सोडायला फक्त आई आली होती. सत्तरचं दशक संपत आलं होतं. बाबा ओसरीवर पाठ करून बसले होते. दिवाळीनंतर गावात मंडईची जत्रा भरे, तिच्या नाटकांत नाचायला बाहेरून बाया येत. मुंबईला सिनेमात जाणं म्हणजे त्यांच्यात जाणं, असं बाबांचं मत. "गेलीस तं वापस येऊ नोको," एवढंच म्हणाले. आई एसटीच्या खिडकीखाली उभी राहून तेच तेच सांगत राहिली, "पोटाले खात जाजो, बाई."

गावात राहिलेल्यांना वाटत असेल, पोरगी मोटारीत फिरते. माझे सिनेमे थिएटरात लागतच नसत. फिल्म सोसायटीच्या शोला मोजकी माणसं येत, टाळ्या वाजवत आणि बस गाठायला पळत. मग मी गोरेगावच्या भाड्याच्या खोलीत एकटीपुरता भात टाकायची. त्या तांदळाला वासच नसे. माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांना हे वेगळं सांगायला नको.

पुढे एका माहितीपटात मी धानाच्या बांधीत राबणाऱ्या विधवेचं काम केलं. तो सरकारी प्रचारगाडीबरोबर फिरत फिरत सानगडीच्या बाजारात पोचला. नाटकात मेलेला माणूस पडद्यामागे जाऊन बिडी ओढतो, हे आमच्या गावाला पक्कं ठाऊक. पण त्या गाडीच्या पडद्यावर धानावरची कीड खरी असे, लस टोचणारी नर्सही खरी असे. मग माझं पांढरं कपाळ खोटं कसं असणार? पोरीनं परस्पर लग्न केलं आणि नवराही गेला, असं सगळ्यांनी धरलं. बायका आईच्या गळ्यात पडून रडल्या.

मला यातलं काहीच माहीत नव्हतं. एका दुपारी दार उघडलं तर समोर बाबा. इतक्या वर्षांनी. पत्ता आईनं दिलेला. हातातल्या पिशवीत लुगडं होतं, जावई गेल्यावर माहेरचे दुखवट्याला नेतात ते. माझ्या टिकलीकडे बघून ते म्हणाले, "हे काय लावून राहिली तू?"

मी सगळं समजावून सांगितलं. ते खाटेच्या कडेवर टेकून ऐकत होते.

"म्हंजे कोनी मेलं नाही?"

"नाही, बाबा."

"लगनच नाही झालं?"

"नाही."

त्यांनी पिशवीतलं लुगडं काढून मांडीवर घेतलं. मग म्हणाले, "नवरा मेलेल्या पोरीले बापाचं घर असते. तुले न्याले आलो होतो."

"मग चला ना. येते मी."

"आता कायले?" असं म्हणून ते उठले. मी केलेला चहासुद्धा घेतला नाही. लुगडं तेवढं खाटेवर ठेवून गेले. दुखवट्याचं कापड घरी परत नेत नाहीत.

नंतर मी कॅमेऱ्यासमोर कितीतरी नवरे गमावले, लोकांनी वाखाणणी केली. पण घर म्हटलं की मला सानगडी आधी आठवत नाही, गोरेगावचं ते दार आठवतं. तिथं मी नुसती मान खाली घालून रडले असते, तर बाबा माझा हात धरून मला घरी घेऊन गेले असते. आणि रडणं हेच तर माझं काम होतं.